अस्वलाचा वशिला

बावीस वर्षं रंगभूमीवर काढूनही त्यांचा चेहरा एकाही प्रेक्षकाला ठाऊक नव्हता. बालनाट्यातलं अस्वल म्हणजे ते. केसाळ अंगरखा, वर फोमचं भलंमोठं मुंडकं आणि आत घामाने निथळणारे हे. संवाद एकच, ‘हुंऽऽ’. “तोही एकदा विसरलो होतो,” असं ते स्वतःच सांगत. एका प्रयोगात मुंडक्यात माशी शिरली. पोरांसमोर मुंडकं काढायचं नाही, हा नाटकमंडळीचा कडक नियम. म्हणून ते आतल्या आत तडफडले. प्रेक्षकांना तो नाच इतका आवडला की दिग्दर्शकाने तो कायमचा ठेवला. आपल्या कारकिर्दीला खरी दाद मिळाली ती माशीमुळे, असं त्यांचं प्रामाणिक मत होतं.

नियम घरीही पाळावा लागे, अस्वलाच्या आत कोण असतं ते सांगायचं नाही, कारण पाच वर्षांची नात अस्वलावर जीव टाकायची. तिच्या उशाशी अस्वलाचा फोटो. आजोबा मात्र रोज दुपारी पिशवी घेऊन कुठेतरी जाणारे आणि आल्यावर घोरणारे. पिकतं तिथे विकत नाही, दुसरं काय!

गुडघे कुरकुरू लागले तसा शेवटचा प्रयोग ठरला. दिग्दर्शक म्हणाला, “आज नियम मोडायचा. शेवटी मुंडकं काढा, लोकांना तुमचा चेहरा दिसू दे.” बावीस वर्षं याच एका क्षणाची त्यांना आस होती. त्यांनी केस काळे केले, आरशासमोर हसायचा सराव केला.

बायको म्हणाली, “आपल्या लग्नात एवढं नटला नव्हतात!”

प्रयोग संपला. हात मिळवायला पोरं रंगमंचावर आली, त्यांत नातही होती. तिने अस्वलाची मान खाली ओढली आणि कानात कुजबुजली, “माझ्या आजोबांना तुझ्याकडे काम देशील? ते रोज पिशवी घेऊन जातात, पण त्यांना कोणीच काम देत नाही. स्वभावाने चांगले आहेत.”

विंगेतून दिग्दर्शक खुणावत होता, काढा, काढा! त्यांचे हात मुंडक्यापर्यंत गेले. तिथेच थांबले. मग त्यांनी मान डोलावली आणि म्हटलं, “हुंऽऽ.”

संध्याकाळी ते घरी आले तर नात दारातच उभी होती.

“आजोबा, तुमचं काम झालं! मी अस्वलाकडे शब्द टाकलाय. उद्या जा, लाजू नका.”

त्यांना हसू आलं आणि रडूही. जन्मात कधी वशिला लागला नव्हता. लागला तो नोकरी सुटली त्याच दिवशी.

“उद्या किती वाजता जाऊ?” त्यांनी विचारलं.