माझी पात

आमच्या रिह्याच्या खोऱ्यात भाताची लावणी मजुरीवर होत नसे, सावडीवर होई. आज सगळ्या घरांची माणसं तुमच्या खाचरात, उद्या आमच्या. जितके हात द्याल तितके मिळतील. लावणाऱ्या प्रत्येकीच्या वाट्याला खाचराची एक पट्टी येई, तिला पात म्हणत. वडील गेल्यावर आमच्या घरची माणसं दोनच उरली, आई आणि मी.

सातवी झाले आणि पुण्याला मास्तरणीच्या ट्रेनिंगला माझा नंबर लागला. आई म्हणे, माझ्या एकटीसाठी किती माणसं येणार? खाचर पडीक राहिलं तर वर्षभर खायचं काय? मी म्हटलं, जळो मेलं ते पुणं, नाही जात. रडून डोळे मात्र सुजवले. शेवटी सावडीची बोलावणी करणारी शेजारची मावशी ओट्यावर येऊन बसली. आईला म्हणाली, "जाऊ दे पोरीला. तिची पात आमी लावू."

दोन पावसाळे त्या बायकांनी माझी पात लावली. वसतिगृहात ताटात भात आला की मला तेच आठवे. नोकरी लागू दे, रजा काढून सगळी सावड फेडीन, असं मी मनाशी घोकत राहिले.

नोकरी लांब लागली. तरी पहिल्याच आषाढात घरी आले, खुंटीवरचं माझं इरलं डोक्यावर घेतलं आणि कुणी बोलवायच्या आत मावशीच्या खाचरात उतरले. दोन तासांत कंबरेचा काटा ढिला झाला. बाकीच्या गप्पा मारत पुढे गेल्या आणि मी मागे एकटी राहिले, रोपांची मूठ हातात धरून. असा संताप आला स्वतःचा! मग दोघीजणी मागे आल्या आणि माझी पात पुरी करून गेल्या. असं आमच्याकडे म्हाताऱ्यांसाठी नाहीतर पोरासोरांसाठी करतात.

भाकरीच्या वेळी सगळ्या बांधावर खेटून बसल्या. मला मावशीनं घोंगडं अंथरून बाजूला बसवलं. मी तडकलेच. म्हटलं, फेडायला आलेय मी, आजचा माझा दिवस धरा की.

मावशी हसली. मायेनंच हसली, म्हणून जास्त लागलं.

"पावण्याकडनं सावड घेत्यात व्हय, बाई?"

आई त्यांच्यातच बसली होती.

दुसऱ्या दिवशी सावड आमच्या खाचरात होती. मला कुणी उठवलं नाही. जाग आली तेव्हा अंगावर आईचंही पांघरूण होतं. खुंटी रिकामी होती; माझं इरलं तिनं आता माझी पात धरणाऱ्या गावातल्या पोरीसाठी नेलं होतं.