बाइंडिंगला गेलेली वही

ज्या संदर्भग्रंथासाठी लखनौत माझं अजून कौतुक होतं, त्यातल्या सात नोंदी खोट्या आहेत, आणि त्या छापताना खोट्या असल्याचं मला ठाऊक होतं. हे मी आजवर कुठे लिहिलेलं नाही.

नव्वदच्या दशकाच्या सुरुवातीला मी हज़रतगंजच्या मागच्या गल्लीत एका छोट्या संगीत-संशोधन संस्थेत ग्रंथपाल होतो. संस्था आता नाही. वडील हवाई दलात होते, त्यांची शेवटची बदली लखनौची. मी तिथेच ग्रंथालयशास्त्र शिकलो आणि तिथलाच झालो. घरात साताऱ्याची मराठी, उंबऱ्याबाहेर हिंदी. ग्रंथालयात संशोधक यायचे आणि एखाद्या बंदिशीची पहिली ओळ सांगून विचारायचे, ही कोणाची? मग पाच पुस्तकं काढायची, पाचांत तीन वेगळी उत्तरं मिळायची. म्हणून मी रचनाकारांची सूची करायला घेतली. एका बंदिशीला एक कार्ड: पहिली ओळ, राग, ताल, रचनाकार, आणि हे कुठे लिहिलेलं आहे त्याचा आधार. लेखी आधार असेल तरच रचनाकाराचं नाव द्यायचं, हा नियम माझा होता. तोंडी माहिती चालणार नाही. लखनौत सांगणाऱ्यांना तोटा नाही, असं मी ऐटीत म्हणायचो.

मास्टर साहब शहराबाहेरच्या चिनहटहून शेअर टेंपोने यायचे. शाळेतून निवृत्त झालेले, विधुर, मुलीकडे राहायचे. त्यांचे वडील सारंगीवादक होते आणि बंदिशी रचायचे. रचनाकार सहसा बंदिशीच्या शेवटच्या ओळीत आपलं टोपणनाव गुंफतो, त्यावरून ती कोणाची हे कळतं. या वडिलांनी ते कधी केलं नाही. ज्या बैठकीत उस्तादांचं नाव गायलं जातं तिथे आपलंही गायलं जावं, हे त्यांना उद्धटपणाचं वाटे. त्यांच्या बंदिशी इतरांनी गायल्या, कोणाच्या हे कोणी विचारलं नाही. फक्त घरच्या वहीत, प्रत्येक बंदिशीच्या शेजारी समासात, मुंगीएवढ्या उर्दू अक्षरांत त्यांनी नोंद केली होती: ही उस्तादांची, ही अमक्याकडून मिळाली, ही माझी.

ती वही मास्टर साहबांनी धाकट्या भावांच्या मनाविरुद्ध मला आणून दिली. भावांचं म्हणणं, घरातली चीज दफ्तरात गेली की परत येत नाही. मास्टर साहबांना बाकी काही नको होतं. "एक दफ़ा अब्बा का नाम छप जाए," ते म्हणाले, "फिर जिसका जी चाहे गाए।"

पहिल्या दिवशी आम्ही दोघांनी शेजारी बसून वही वाचली. माझं उर्दू अडखळत चालणारं, ते बोट ठेवून थांबायचे, शाळेतल्यासारखे. वडिलांच्या एकूण एकेचाळीस बंदिशी आहेत असं ते म्हणाले. त्यांतल्या सातांच्या समासातलं 'माझी' मी स्वतः वाचलं. मग त्यांची परतीची वेळ झाली. कार्डं नंतर निवांत करू म्हणून मी वही माझ्या कपाटात ठेवली.

ते 'निवांत' आलंच नाही. मार्च आला. दर मार्चला आम्ही फाटकी पुस्तकं बाइंडिंगला पाठवायचो. वहीचा कणा सुटला होता, पानं हातात येत होती. मला वाटलं, हिलाही नीट करून घेऊ, म्हातारा खूश होईल. यादीत शेवटचा रकाना 'कटिंग' असा होता, म्हणजे पानांच्या कडा छाटायच्या की नाही. जुन्या हस्तलिखितासमोर तिथे 'नाही' लिहायचं, हे ग्रंथालयशास्त्राच्या पहिल्या वर्षात शिकवतात. मी स्वतः नंतर ते मुलांना शिकवलं आहे. त्या दिवशी त्रेसष्ट पुस्तकांची यादी होती. मी रकाना रिकामा सोडला आणि सही केली.

वही परत आली ती लाल रेक्झिनमध्ये, वर सोनेरी अक्षरं. मी कौतुकाने उघडली. तिन्ही बाजू सुरीने एकसारख्या छाटल्या होत्या. बंदिशी मधोमध शाबूत होत्या. समास गेला होता. काही पानांच्या कडेला अक्षरांच्या शेपट्या तेवढ्या राहिल्या होत्या.

मी तसाच सायकल काढून अमीनाबादला बाइंडरकडे गेलो. कातरण कुठे आहे, विचारलं. तो खळ ढवळत होता. कातरण त्याच आठवड्यात रद्दीवाल्याने नेलं, म्हणाला. मी काहीतरी रागावून बोललो असणार, कारण त्याने हात पुसले, आतून यादी आणली आणि माझ्यापुढे धरली.

"बाबूजी, आप लिख देते तो छुरी न चलती। यह दस्तख़त आप ही के हैं न?"

माझेच होते. तरीही मी रद्दीवाल्याकडे गेलो. त्याने गोण्या दाखवल्या. मी दोन उपसल्या, पांढऱ्या पट्ट्याच पट्ट्या, कुठल्याही पुस्तकाच्या. त्याला माझी दया आली असावी, त्याने मला स्टूल दिलं.

घरी बायको मटार सोलत होती. तिला सगळं सांगितलं.

"मग सांगून टाका त्यांना. नोकरी जाईल का?"

"नाही."

"मग?"

मी तिच्या ढिगातली एक शेंग उचलून सोलू लागलो. मला भीती कशाची होती? मास्टर साहब ओरडले नसते. बहुधा म्हणूनच.

ते आले तेव्हा मी वही पुढे ठेवली आणि म्हणालो की कागद फार जीर्ण झाला होता, कडा गळून पडल्या, बाइंडरला जेवढं वाचवता आलं तेवढं त्याने वाचवलं. त्यांनी कडेवरून अंगठा फिरवला. कड ब्लेडसारखी सरळ होती. त्यांनी वही मिटून पुन्हा पहिलं पान उघडलं. मग म्हणाले, मी सांगतो, तुम्ही लिहून घ्या. आणि ते सांगू लागले, ही अब्बांची, हीही, ही उस्तादांची, नाही, थांबा. अकराव्या पानाशी ते अडले. मागे गेले, पुन्हा पहिल्यापासून आले, पुन्हा तिथेच अडले. कागद समोर असताना त्यांना हे पाठ करायची गरजच कधी पडली नव्हती.

मी संचालकांकडे गेलो. एका घराण्यासाठी तोंडी माहितीची सवलत द्यावी, म्हणालो. ते हसले. नियम तुमचाच आहे, म्हणाले. "एक को छूट दी तो कल आधा चौक अपने-अपने दादा का नाम लेकर यहाँ खड़ा होगा।" त्यांचं बरोबर होतं; चौक हा गाणाऱ्या-वाजवणाऱ्यांचा जुना मोहल्ला. त्यांना समासाचं काहीच माहीत नव्हतं. मी एवढंच म्हणायला हवं होतं की सात ठिकाणी ते मी माझ्या डोळ्यांनी वाचलं आहे, तसं लिहून सही करतो. ग्रंथपालाचं लेखी निवेदन हा आधार ठरला असता. पण मग वाचलेलं गेलं कुठे, हेही त्या निवेदनात आलं असतं. मी "ठीक है, सर" म्हणालो आणि जागेवर येऊन, वहीतल्या ज्या बंदिशींना दुसरा लेखी आधार नव्हता त्या सगळ्यांच्या कार्डांवर 'रचनाकार अज्ञात' लिहिलं. त्या दिवशी माझं अक्षर नेहमीपेक्षा चांगलं आलं होतं, हे मला आठवतं.

दोन वर्षांनी सूची छापून आली. मास्टर साहब ती पाहायला आले. त्यांनी चष्मा पुसून पहिल्या ओळींवरून एकेक नोंद शोधली. चार-पाच पाहून थांबले.

"अज्ञात तो नहीं थे," ते म्हणाले. "सामने ही बैठे रहते थे।"

मी चहा मागवला. त्यांनी तो घेतला, मुलांची चौकशी केली, वही परत मागितली आणि मी पुढे केलेल्या पावतीवर सही केली. ते टेंपो पकडायला निघून गेले.

ते वारल्याचं मला उशिरा कळलं. एका रविवारी मी चिनहटला त्यांच्या मुलीकडे गेलो आणि घराबाहेर पहिल्यांदाच सगळं जसं घडलं तसं सांगितलं. संस्था तोपर्यंत बंद पडण्याच्या बेतात होती, पुरवणी निघणार नव्हती. पण मी म्हणालो, मी एखाद्या मासिकात खुलासा लिहितो, सात बंदिशींसाठी माझी साक्ष, तुमच्या आजोबांच्या नावानिशी.

तिने सगळं ऐकून घेतलं. मग म्हणाली की काकांनी अखेरपर्यंत अब्बांशी, म्हणजे मास्टर साहबांशी, बोलणं टाकलं होतं, त्या वहीवरून. घरातल्या प्रत्येक शादीत विषय निघायचा: दफ्तरवाल्यांना दिली कोणी? अब्बा म्हणायचे, काग़ज़ पुराना था.

"आप लिखेंगे तो फिर वही शुरू होगा। अब किसके लिए, भाई साहब? रहने दीजिए।"

मी तिच्या आजोबांचं नाव इथे लिहिलेलं नाही ते यामुळे. मी उठलो तेव्हा तिने विचारलं, परतायला रिक्षा मिळेल ना? फ़ैज़ाबाद रोडपर्यंत चालावं लागेल, म्हणाली, आणि दार लोटून घेतलं.