उंबरठ्यापुरतं घर

माझ्या चुलतबहिणीच्या, मीनलताईच्या वास्तुशांतीला मी तिच्या नव्या खिडकीपाशी उभी राहून मनातल्या मनात जळत होते. समोर टेकडी होती. माझ्या भाड्याच्या खोलीतून फक्त शेजाऱ्यांची पाण्याची टाकी दिसते.

ताईने स्वयंपाकघरातलं कपाट उघडलं. दाराच्या आतल्या बाजूला गृहकर्जाच्या वीस वर्षांच्या हप्त्यांचा तक्ता चिकटवलेला होता.

"पहिली कितीतरी वर्षं बहुतेक व्याजच गं. आत्ता कुठे उंबरठा आमचा झालाय," ती हसली. मग हळूच म्हणाली, "नोकरी सोडून नाच शिकवणार होते ना? आता बावन्नाव्या वर्षी बघू."

बोलताना तिचा पाय नव्या फरशीवर ताल धरत होता. घराची ही किंमत तक्त्यात कुठेच नव्हती. मला वाईट वाटलं, अगदी खरंच. तरी निघताना मी पुन्हा एकदा खिडकीपाशी गेले.