मामा आणि अदात माणसं

वाशीम जिल्ह्यात दोन पायांचा किंवा चार पायांचा असा एकही जीव नसेल, ज्याच्या तोंडात माझ्या मामानं डोकावून पाहिलेलं नाही. एखादा सुटला असेल तर तो बाजाराच्या दिवशी गावाला गेला असणार. शेलूबाजारपासून तीन कोसांवर मामाचं गाव. तिथं सहा एकर शेती, एक बैलजोडी, एक गाय, आणि त्या गाईपेक्षाही शांत असलेली माझी मामी. पण मामाची खरी जहागिरी म्हणजे त्याचा उजव्या हाताचा अंगठा. हा अंगठा जनावराच्या खालच्या ओठावर ठेवून त्यानं हलकेच खाली दाबलं की भलं मारकं जनावरही दवाखान्यातल्या पेशंटसारखं निमूट तोंड उघडतं. मग मामा एक डोळा बारीक करतो, हुंकार भरतो आणि निकाल देतो. पंचक्रोशीत कुणालाही बैल घ्यायचा असो, मामाला सोबत नेल्याशिवाय सौदा होत नाही. याबद्दल तो कुणाकडून कधी काही घेत नाही. फक्त चहा, तोही दोनदा, एक जाताना आणि एक येताना.

मी त्याच्याच घरी राहून शिकलो, त्यामुळे हे शास्त्र मला शाळेतल्या गणिताआधी आलं. वासराच्या तोंडात दुधाचे दात असतात तोवर ते अदात. समोरच्या दोन दुधाच्या दातांच्या जागी दोन पक्के दात आले की दोनदाती. मग चारदाती, सहादाती, आणि आठही आले की जनावर जुळलं. त्यानंतर पुढं फक्त झीज. जनावराला वरच्या जबड्यात समोरचे दात नसतातच, त्यामुळे मामाचं सगळं लक्ष खालच्या जबड्यावर. यातल्या बाकी पायऱ्या तो गरजेपुरत्या वापरतो, पण 'अदात' या शब्दावर त्याचा जीव आहे. अदात गोऱ्ह्याच्या खांद्यावर जू ठेवणारा मनुष्य मामाच्या लेखी मनुष्यच नव्हे. "खांदा भरला नाई अजून त्याचा," तो म्हणतो, "आता जुपला तर जलमभर वाकडा चालन. दिसाले मोठा दिसते, पन आत लेकरू हाय ते." शेजारच्या गावातल्या एकानं असा गोऱ्हा वखराला जुंपलेला पाहून मामानं भर धुऱ्यावर, म्हणजे शेताच्या बांधावर, उभं राहून त्याला इतकं सुनावलं होतं, की त्या बिचाऱ्यानं गोऱ्हा सोडला आणि स्वतःच जू खांद्यावर घेऊ का म्हणून विचारलं. मामा म्हणाला, "घे ना. तू तं जुळलेला हायेस."

शब्द एकदा असा अंगात भिनला की तो काही गोठ्यात थांबत नाही. मामाच्या जगात कशालाही अदात म्हणता येतं. नीट न विरजलेलं दही अदात. पहिल्याच वर्षी मोहोरलेलं आंब्याचं कलम अदात, त्याचा मोहोर तो निर्दयपणे खुडून टाकतो. गावाजवळून नवा महामार्ग गेला तेव्हा मी त्याला हौसेनं गाडीतून फिरवून आणलं. उतरल्यावर तो म्हणाला, "रस्ता झकास हाय, पन अदात हाय. दोन पानकळ्यायचं पानी जाऊ दे याच्यावरून." बँकेत नवा साहेब आला. कोवळा, गोरागोमटा, बोलायला गोड. मामानं बाहेर येऊन पारावर जाहीर केलं की साहेब भला माणूस आहे, पण अदात आहे. पुढचे दोन आठवडे लोक कामं काढून बँकेत जायचे आणि साहेब बोलायला लागला की त्याच्या तोंडाकडे टक लावून पाहायचे. साहेबानं म्हणे शेवटी रुमाल तोंडावर धरून बोलायला सुरुवात केली. आणि मी? मी सत्तेचाळीस वर्षांचा आहे, दोन मुलांचा बाप आहे, पंचवीस वर्षं मास्तरकी करतो आहे. अजूनही कुठल्या विषयावर मत दिलं की मामा मामीकडे वळून म्हणतो, "पोट्टं हुशार हाय. अदात हाय, बस."

एसटीत त्याच्यासोबत बसणं हा एक वेगळाच प्रकार आहे. एकदा कारंज्याहून येताना पुढच्या बाकावरच्या बाईनं कंडक्टरला सांगितलं की मांडीवरचा मुलगा चार वर्षांचा आहे, त्याला कशाचं तिकीट. मामानं सहज हात पुढं केला, पोराचा ओठ अंगठ्यानं खाली केला आणि म्हणाला, "समोरचे दोन पडले ना बाई. सहा पुरे हायेत." बाईला अर्धं तिकीट घ्यावं लागलं, आणि शेलूबाजार येईपर्यंत तिनं मामाच्या सात पिढ्यांचा समाचार घेतला. मामाचं म्हणणं एवढंच, की मी कुठं तिकिटाचं बोललो, मी तर दातांचं बोललो. त्याच फेरीत कंडक्टरनं मामाकडं ज्येष्ठ नागरिकाच्या सवलतीसाठी वयाचा पुरावा मागितला. मामानं आधार कार्ड काढायच्या ऐवजी तोंड उघडलं.

मामीचं या सगळ्यावर एकच वाक्य आहे, आणि ते ती भाकरी थापता थापता, मान वर न करता म्हणते. "साऱ्या मुलखातल्या बैलायचे दात पाह्यले यानं. बायकोचं तोंड पाहाले फुरसत नाई भेटली." मामा यावर कधी काही बोलत नाही. तो तेवढा धूर्त आहे.

तर गेल्या उन्हाळ्यात या अंगठ्यानं एक मोठाच घोळ घातला. मामाचा मुलगा मिलिंददादा, आणि त्याची मुलगी सुजाता. सुजाता एकोणीस वर्षांची, अभ्यासात तल्लख. तिचा अकोल्याला नर्सिंगला नंबर लागला होता आणि आठ दिवसांत प्रवेश घ्यायचा होता. नेमकं तेव्हाच स्थळ आलं. मुलगा सरकारी नोकरीत, घर पक्कं, मागणी काही नाही. फक्त लग्न याच उन्हाळ्यात उरकायचं आणि शिकण्याचं पुढं पाहू. मिलिंददादाला हे स्थळ म्हणजे घरी चालून आलेलं भाग्य वाटलं. सुजातानं दोन दिवस जेवण सोडलं, तिसऱ्या दिवशी मला फोन केला, "काका, या ना. बाबाले समजावा." मी गेलो. तिची आत्या, म्हणजे मामाची मुलगी शीला, कामरगावहून आधीच आली होती. आम्ही दोघांनी मिलिंददादाला पुष्कळ समजावलं. तो ऐकेना. मामाला विचारलं तर तो म्हणाला, "बापानं ठरवलं तं मी काय बोलू? पन पाहून घेऊ पोट्टं कसं हाय ते." मामाच्या तोंडचं 'पाहून घेऊ' ऐकून मी तेव्हाच सावध व्हायला हवं होतं.

मुलाकडचे आले. जयभीम झाला, पाणी झालं, पोहे झाले. मुलगा देखणा, इस्त्रीच्या शर्टातला, उंचापुरा. वय सत्तावीस सांगितलं. मुलाची आई पुन्हा पुन्हा सांगत होती, "आमच्या पोराले कायचंच व्यसन नाई हो. सुपारीचं खांडसुदिक नाई." मुलगा हे ऐकून हसायचा, पण मिटल्या ओठांनी. पोहेसुद्धा त्यानं इतक्या अदबीनं खाल्ले की ओठ काही उघडले नाहीत. मामाच्या ते लक्षात आलं. बाजारात जे जनावर तोंड उघडू देत नाही त्याच्याच तोंडात खरी भानगड असते, हा त्याचा चाळीस वर्षांचा अनुभव. तो खुर्ची सरकवत सरकवत मुलाच्या शेजारी येऊन बसला.

आधी त्यानं विनोद सांगून पाहिला. विनोद बैलाचा होता, कुणी हसलं नाही. मग त्यानं मुलाला कामाबद्दल विचारलं. मुलगा ओठांच्या फटीतून "हो", "बरोबर", "बदली होते" एवढंच बोलला. मग मामानं एक प्रचंड जांभई दिली. मला वाटलं, दुपारची वेळ आहे, वय झालं आहे. त्यानं दुसरी दिली, पहिलीपेक्षा लांब, शेवटी गाणं म्हटल्यासारखा सूर लावून. मिलिंददादाला जांभई आली. मुलाच्या वडिलांना आली. मला आली. मामानं तिसरी दिली तेव्हा दारातून पाहणाऱ्या मामीनंसुद्धा पदर तोंडाला लावला. मुलगा बिचारा डोळे मोठे करून, जबडा आवळून, नाकपुड्या फुगवून लढत होता. पण जांभईपुढं कुणाचं चाललं आहे? त्याचं तोंड उघडलं, आणि त्याच क्षणी मामाचा अंगठा सवयीनं त्याच्या खालच्या ओठावर जाऊन बसला.

मामानं एक डोळा बारीक केला. खाली दाबलं. हुंकार भरला.

"मिलिंद्या," तो म्हणाला, "हा सत्तावीसचा नाई. जुळून पार झिजला हाय. चाळिशीच्या आत नाई."

मग जो गोंधळ झाला! मुलाचे वडील उभे राहिले. "आमच्या पोराले ढोर समजून राह्यले काय तुमी?" मिलिंददादा हात जोडत सुटला. मी मामाचा हात धरून त्याला मागं ओढत होतो, आणि मामा शांतपणे अंगठा धोतराला पुसत म्हणत होता, "वय काहून चोरता? चाळीसचा असन तं चाळीस सांगा. आमची पोरगी एकोनीसची हाय." हे मुलाच्या आईला सहन झालं नाही. ती ताडकन म्हणाली, "चाळीस कोन म्हंते? अठ्ठावीस नाई लागलं अजून माह्या पोराले! वयानं नाई झिजले ते दात, सुपारी-तंबाखूच्या खर्ऱ्यानं झिजले! रोजचे पंधरा पंधरा खर्रे खाते, मी घसा कोरडा करते तं ऐकते काय!"

आणि मग तिलाच कळलं आपण काय बोललो ते. तिनं तोंडावर हात ठेवला. मुलगा सवयीनं ओठ मिटून बसला होता. मिलिंददादाचे जोडलेले हात हळूहळू सुटले. त्याला खर्ऱ्यापेक्षाही ते 'सुपारीचं खांडसुदिक नाई' जास्त लागलं असावं. तो म्हणाला, "चहा घेऊन जा." पाहुण्यांना त्यातलं 'जा' बरोबर ऐकू गेलं.

संध्याकाळी मिलिंददादानं सुजाताला कागदपत्रं काढून ठेवायला सांगितली, आणि परवा अकोल्याला जाऊ म्हणाला. पोरीनं आजोबाच्या गळ्यात हातच टाकले. मामाला काय, उधाणच आलं. खरं म्हणजे त्याचा निदानात साफ पराभव झाला होता. आयुष्यात पहिल्यांदा त्याचं वय चुकलं, तेही तेरा वर्षांनी. पण ओट्यावर येणाऱ्या-जाणाऱ्याला तो सांगत होता, की मले पाहिल्याबरोबर समजलं, मी मुद्दाम तसं बोललो. तिसऱ्यांदा सांगताना त्यात चौथी जांभई आली. "पोरगी अदात हाय," तो छाती काढून म्हणाला, "माह्या घरातल्या अदात पोरीच्या खांद्यावर कोन जू ठेवते पाहू!"

सुजाता आतून ओरडली, "आजोबा, मी गोऱ्हा नाई हो!" सगळे हसले. शीला ओट्यावरचे चहाचे कप गोळा करत होती. तीही हसली. मग हसतच तिनं विचारलं, "बाबा, माह्या वेळेस काहून नाई पाह्यले दात?"

"कोनाचे? जावयाचे? त्याचे तं चांगले हायेत अजून," मामा म्हणाला.

"माह्ये," शीला म्हणाली.

मामाचं तोंड उघडंच राहिलं. शीलाचं लग्न झालं तेव्हा बारावीचा निकाल लागून महिनाही झाला नव्हता. स्थळ चांगलं आहे, असं सगळेच म्हणाले होते. मीही त्याच घरात होतो, तिच्याच वर्गात होतो, आणि मी काही बोललो नव्हतो. तिनं हे रागानं विचारलं नव्हतं. तिला चांगला नवरा मिळाला, मुलं मार्गी लागली, तिची काही तक्रार नाही. पण प्रश्न विचारून ती तिथंच उभी होती, हातात कप घेऊन.

शेवटी मामा म्हणाला, "तुले तवा काय शिकाचं होतं वो?"

"आता आठवत नाई," शीला म्हणाली आणि कप घेऊन आत गेली.

तिला आठवत होतं. डी.एड.चे दोन अर्ज मीच वाशीमहून आणले होते. याच ओट्यावर बसून आम्ही ते एकाच पेनानं भरले. माझा अर्ज पोस्टात पडला. तिचा मामाच्या पेटीत राहिला, आणि त्याच महिन्यात तिला हळद लागली.

दुसऱ्या दिवशी सकाळी शीला परत निघाली. मामा तिची पिशवी हातात घेऊन फाट्यापर्यंत चालत आला. मीही सोबत होतो. मामानं जीपमध्ये तिला खिडकीजवळची जागा मिळवून दिली, पिशवी मांडीवर ठेवली, आणि जीप वळणाआड जाईपर्यंत तो उभा राहिला. मला त्याचा राग आला होता आणि त्याहून जास्त माया. स्वतःचाही राग आला होता, तो अजून गेलेला नाही. परत येताना धुऱ्यावर एकानं हाक मारून विचारलं, मामा, बाजाराले येता काय, गोऱ्हा पाह्याचा होता. मामानं नुसता हात हलवून नाही म्हटलं. पुढं थोडं चालल्यावर तो माझ्याकडे न पाहता म्हणाला,

"अक्षर चांगलं होतं रे तिचं. तुह्यापेक्षा."

"हो," मी म्हणालो.