बँकॉकच्या बसमधली ओळख

बँकॉक बघायची मला काडीची हौस नव्हती. मी गेले ती आईला भेटायला. आई पुण्याहून एका टूर कंपनीच्या ग्रुपबरोबर यायची होती, भिशीच्या मैत्रिणींसोबत, सत्तरीत पहिल्यांदाच परदेशात. आमच्याकडे नेदरलँड्सला ये, ये म्हणून मी इतकी वर्षं घसा कोरडा केला, तर तिचं ठरलेलं उत्तर, "तुम्ही दोघं कामाला जाणार आणि मी काय भिंतींशी गप्पा मारू?" तेही खरंच होतं म्हणा. वाखनिंगनला आमच्या गल्लीत भरदुपारी मांजरसुद्धा दिसत नाही.

तर ही कल्पना नवऱ्याची. आईच्या टूरमध्ये एक अख्खा दिवस 'बँकॉक दर्शन' आहे, तेवढ्या दिवसापुरते आपण त्यांच्या बसमध्ये घुसू आणि आईंना तिथेच सरप्राइज देऊ, असं तो म्हणाला. सरप्राइज हे, की आम्ही इथलं सगळं आवरून कायमचे पुण्याला परत येतोय. आईसाठी.

बाबा गेल्यापासून आई एकटीच राहत होती. मला ती फोनवर चांगली ठणठणीत वाटायची. नवरा मात्र दर आठवड्याला काहीतरी सांगायचा. "आज आईंचा आवाज खोल गेला होता गं." "त्यांना एकटं राहणं झेपत नाहीये, तुझ्यासमोर दाखवत नाहीत एवढंच." तिचं लाइट बिल, बँक, सगळं ऑनलाइन हाच बघायचा, त्यामुळे त्या दोघांचे फोन वेगळे चालायचे. मला त्याचं कोण कौतुक! मैत्रिणींना सांगायचे, माझ्यापेक्षा हाच माझ्या आईला जास्त धरून आहे. बावळट मी. फोनवर परतण्याचा विषय काढू नकोस, त्या लगेच 'माझ्यासाठी काही सोडू नका' म्हणतील, असंही त्यानं बजावून ठेवलं होतं. मला ते पटलं, कारण आई तसं म्हणालीच असती.

सोडायचं काय होतं, तर माझी नोकरी. ती काय होती हे दुसऱ्या कुणाला सांगून कळणार नाही. या देशात मी आले ती नवऱ्याच्या परवान्याचं शेपूट धरून. कुठलाही कागद काढा, त्यावर मी याची बायको. शेतकी कॉलेजातल्या माझ्या एम.एस्सी.ला इथे कुणी विचारेना. भाजीच्या दुकानात चुका करत करत डच शिकले, मुलगा शाळेत रमल्यावर युनिव्हर्सिटीच्या प्रयोगशाळेत तात्पुरती लागले, मुदत संपली की पुन्हा तात्पुरती, असं करत करत चाळिशी उलटल्यावर एकदाची कायम झाले, राहण्याचा परवानाही माझा स्वतःचा झाला. बटाट्यावरच्या करप्यावर आमचं काम. काळी पडलेली पानं दिवसभर बघत बसण्यात कसलं आलंय सुख, असं कुणीही विचारेल. मला होतं. मुलगा नायमेखनला शिकायला गेला, आणि सकाळी नदीच्या बांधावरून सायकलनं कामाला जाताना मला पहिल्यांदाच वाटायला लागलं की हे गाव माझंसुद्धा आहे.

आणि मी राजीनामा दिला. आमच्या विभागप्रमुख बाई म्हणाल्या, "आईसाठी? मग प्रश्नच नाही." उठून त्यांनी मला मिठी मारली. डच माणसं ऑफिसात असल्या भानगडीत पडत नाहीत. मी सायकलवर बसून घरापर्यंत रडत आले, पण मनातून वाटत होतं की बरोबर केलं. नवऱ्यानं त्या दिवशी स्वतः पिठलं केलं होतं.

आमचं विमान उशिरा पोचलं. आदल्या संध्याकाळी हॉटेलात तुला शांतपणे सांगणार होतो, असं तो नंतर म्हणाला. सांगणार होता म्हणे! इतके महिने तोंडात गुळणी धरून बसलेला माणूस नेमका त्याच संध्याकाळी बोलणार होता. असो. विमानतळावरून आम्ही आलो ते सकाळीच, सामान हॉटेलात टाकलं आणि थेट बसमध्ये चढलो. आई खिडकीतूनच हात हलवत होती. पांढरे स्पोर्ट शूज, पंजाबी ड्रेस, गळ्यात टूरचं ओळखपत्र. मी तिच्या शेजारी बसले, नवरा मागच्या सीटवर.

आता मराठी टूरची एक रीत आहे. बस सुटली, 'गणपती बाप्पा मोरया' झालं, की माइक फिरतो. प्रत्येकानं उभं राहून नाव, गाव, काय करता ते सांगायचं, आणि हौस असेल तर एखादा उखाणा. या ग्रुपचं ते पहिल्याच दिवशी उरकलं होतं, पण टूर मॅनेजर भलता उत्साही. "मंडळी, आज आपल्यात थेट युरोपहून पाहुणे आलेत! मग पुन्हा एकदा ओळख होऊन जाऊ दे! सुरुवात काकूंपासून!" नवरा इतकी वर्षं बाहेर, असल्या टूरला कधी गेलेला नाही. त्याला ही रीत माहीत असती तर आईशेजारी तोच बसला असता.

आई उभी राहिली. जन्मभर शाळेत शिकवलेलं, तिला माइकचं काय! "माझी जुनी ओळख तुम्हाला माहितीच आहे," ती म्हणाली. "आज नवीन सांगते. मी माझा फ्लॅट विकला. इथून परत गेले की लगेच तळेगावजवळ ज्येष्ठांच्या संकुलात राहायला जाणार. स्वतंत्र खोली, सकाळी योगासनं, दुपारी पत्ते, स्वयंपाकाची कटकट नाही! आणि हे कुणामुळे झालं? हे मागे बसलेत ना, आमचे जावई. तिकडे बसून त्यांनी एकेक कागद वाचला, तेव्हा मी सही केली. आणि ही माझी लेक. कळल्यावर फार रडली म्हणे, पण मला एका शब्दानं अडवलं नाही तिनं."

बसमध्ये टाळ्यांचा कडकडाट. भिशीतल्या एका मावशींनी तर शिट्टी मारली. मी पण टाळ्या वाजवत होते. हात आपोआप वाजत होते, डोकं अजून 'फ्लॅट विकला'पाशीच अडकलेलं. आईनं माइक माझ्या हातात दिला.

"मी नेदरलँड्सला असते," मी म्हणाले. "बटाट्यांवर काम करते."

लोक खो खो हसले. त्यांना विनोद वाटला. मी मागे वळून पाहिलं. नवरा खिडकीबाहेर बघत होता, आणि खिडकीबाहेर त्या वेळी पुलाचा एक सिमेंटचा खांब होता.

पहिला थांबा राजवाडा. तिथे गुडघे उघडे टाकून आत सोडत नाहीत आणि हा हाफ पँटमध्ये. समोरच्या दुकानातून त्याला हत्तींची नक्षी असलेली एक ढगळ पँट घ्यावी लागली. माझ्या आयुष्यातलं सगळ्यात मोठं भांडण मी अंगावर हत्तीच हत्ती असलेल्या माणसाशी केलं, आणि तेही हसऱ्या चेहऱ्यानं, कारण आजूबाजूला अख्खी बस पांगलेली होती.

"तुला कधी कळलं हे?" मी विचारलं. "माझ्या राजीनाम्याच्या आधी की नंतर?"

तो कळसांकडे बघत राहिला.

"आधी की नंतर?"

"आधी."

"आणि रडली म्हणे, ती कोण? मी कधी रडले?"

"त्यांनी तुझ्याजवळ फोनवर विषय काढू नये, म्हणून तसं सांगावं लागलं."

सांगावं लागलं! म्हणजे तिला सांगून ठेवलं, विषय काढू नका, ती रडते. मला सांगून ठेवलं, विषय काढू नकोस, त्या नको म्हणतील. आम्ही मायलेकी दर रविवारी हवापाण्याच्या गप्पा मारत होतो, एकमेकींना जपत होतो, आणि हा मधे बसून दोन्हीकडचं ऐकत होता. केसानं गळा कापणं म्हणतात ते हेच. माझ्या डोक्यात अशी तिडीक गेली की समोरच्या सोन्याच्या भिंती मला दिसेनात. तेवढ्यात त्या शिट्टीवाल्या मावशी आल्या, "अगं, जोडीनं उभे राहा, फोटो काढते." आम्ही उभे राहिलो. तो फोटो आईनं नंतर सगळ्यांना पाठवला. छान आलाय.

जेवणानंतर बस जिथे थांबली, त्याला कार्यक्रमात 'रत्नांचं प्रदर्शन' असं नाव होतं. कसलं प्रदर्शन, दागिन्यांचं दुकान होतं ते. आत शिरलं की हातात थंड सरबत देतात आणि घ्या-घ्या म्हणून मागे लागतात. नवरा बाहेर थांबला. मी आईला कोपऱ्यातल्या सोफ्यावर बसवलं.

"आई, तू त्याला नेमकं काय सांगितलं होतंस?"

"काय म्हणजे? मी म्हटलं, तुम्हीच सांगा तिला, माझ्यावर ती ओरडेल. तिला म्हणावं, आईची सोय झाली, आता तू तिकडे निवांत राहा, नोकरी सांभाळ, एवढ्या कष्टानं मिळवली आहेस. का गं? त्यांनी नीट नाही का सांगितलं?"

आईच्या गालावर ऊन लागून लाली आली होती. सरबतातला बर्फ ती लहान मुलीसारखी चघळत होती. काचेपलीकडून मैत्रिणी तिला बांगड्या बघायला बोलवत होत्या. तिच्या त्या दिवसावर विरजण घालायला माझी जीभ रेटेना.

"सांगितलं ना," मी म्हणाले. "अगदी असंच सांगितलं."

संध्याकाळी बोटीतून नदीवर फिरवलं. दोन्ही काठांवरची देवळं दिव्यांनी उजळायला लागली होती, मंडळी गाण्याच्या भेंड्या खेळत होती. नवरा कठड्याशी माझ्याजवळ येऊन उभा राहिला. "मला तिथे म्हातारं व्हायचं नाहीये," तो म्हणाला. "इतकी वर्षं झाली, ऑफिसात जेवताना ते लोक डचमध्ये काहीतरी बोलून हसतात आणि मी मागाहून हसतो. मी दमलोय. मला घरी जायचंय."

"मग असं म्हणायचंस."

"तू आली असतीस? नुसतं माझ्यासाठी?"

"मला काय माहीत! तू विचारलंस का कधी?"

"तू नाही म्हणाली असतीस."

"मग नाही ऐकायचं होतंस. लोक ऐकतात."

तो खोटं बोलत नव्हता. दमलेला दिसत होता, केस पांढरे झालेले, अजून ती हत्तींची पँट घालून उभा. मला त्याची दया आली, आणि आली म्हणून जास्तच संताप झाला. हे खरं दुःख त्यानं मला कधी सांगितलं नाही. माझ्याशी बोलायच्या ऐवजी माझ्या आईचा आवाज खोल गेला म्हणून सांगत राहिला. मी तोंड फिरवून आईच्या घोळक्यात जाऊन बसले आणि 'म' वरून गाणं शोधत राहिले.

नेदरलँड्सला परतल्यावर मी आधी प्रयोगशाळेत गेले. राजीनामा मागे घेता येईल का, विचारलं. बाईंनी दार लावलं, कॉफी दिली. माझ्या जागेवर एका मुलीला घेतलं होतं, करारावर सह्या झाल्या होत्या. "आता तो तिच्यावर अन्याय होईल," त्या म्हणाल्या. इतकं सरळ सांगितल्यावर माणसावर रागावताही येत नाही. निघताना त्यांनी विचारलं, "आई कशी आहे?" छान आहे, म्हटलं.

नवऱ्याची पुण्याची बदली पक्की झालेली. तू मागून ये, चार महिन्यांनी ये, म्हणाला. मी नाही म्हटलं. त्यालाही ते शेवटी ऐकावं लागलं. त्यानं आपल्या बॅगा भरल्या, मुलगा नायमेखनहून येऊन त्याला विमानतळावर सोडून आला. मी गेले नाही.

जाण्याआधी तो म्हणाला होता, "मी बोलतो आईंशी, नीट समजावून सांगतो." मी म्हटलं, खबरदार. यापुढे माझं बोलणं मी बोलीन.

म्हणून रविवारी मीच आईला फोन केला. एव्हाना ती संकुलात राहायला गेली होती. मागे कुणीतरी पत्त्यांना बोलवत होतं, ती "आलेच हं" म्हणाली. मी सगळं सांगितलं. राजीनामा, तो का दिला, जागा गेली, हा पुण्याला निघून आला, मी इथेच राहणार, नवीन काम शोधतेय. एका दमात सांगितलं, मधे तिला बोलूच दिलं नाही.

"आई, तू वाईट वाटून घेऊ नकोस," मी म्हणाले. "तू तिथे मजेत आहेस ना, तेवढं मला पुरे."

"मला कुठे यायचं होतं इथे?" आई म्हणाली. बसमधल्या माइकवरचा आवाज नव्हता तो. "माझ्यापायी तुला तिथलं सोडून यायला लागू नये, म्हणून आले. मग मी माझं घर कशाला विकलं गं?"