दोन सह्यांचा दाखला

आमच्या भाईंदरच्या कॉलेजात गेल्या वर्षी एकाच वेळी दोन प्राचार्य होते. हसू नका. मीही पहिले चार दिवस हसले होते, नंतर डोकं धरून बसले. मी तिथली हेडक्लार्क, दाखल्यांचं रजिस्टर माझ्या ताब्यात. ट्रस्टींची भांडणं झाली, दोन अध्यक्ष झाले, प्रत्येकाने आपापला प्राचार्य नेमला आणि प्रकरण कोर्टात गेलं. एका बाजूचा वकील म्हणे, निकाल कोर्टानेच द्यावा. दुसरा म्हणे, कोर्टाला अधिकारच नाही, हे धर्मादाय आयुक्तांचं काम. आधी हे ठरू दे, तोवर ‘जैसे थे’, रजिस्टरातली नोंदही बदलायची नाही, असा हुकूम निघाला. आणि आमचं जैसे थे काय, तर एका केबिनमध्ये दोन टेबलं, दोन शिक्के आणि दोघांना वेगवेगळ्या वेळी चहा!

त्यात जवळच्या चौक गावची एक मुलगी आली. वडील मासेमारी करणारे, घरात बीएससी झालेली ही पहिलीच. पुण्याला एमएससीला नंबर लागला होता. शनिवारपर्यंत कॉलेज सोडल्याचा मूळ दाखला दिला नाही तर सीट जाणार होती.

तोवर आमची पद्धत अशी होती की केबिनमध्ये जो सापडेल त्याची सही घ्यायची. तिच्या वर्गातल्या बाकीच्यांना मी तसेच दाखले दिले होते. पण ही पोर माझी लाडकी. मनात आलं, उद्या एकाची सही बाद ठरली तर हिचं काय? म्हणून दोघांच्या घेतल्या. एकाने डावीकडे केली, दुसऱ्याने नाक मुरडत उजवीकडे. दोन गोल शिक्के. मला काय अभिमान वाटला होता! कपाळ माझं.

बुधवारी ती दाखला घेऊन परत आली. पुण्याच्या लोकांनी विचारलं होतं, एका कॉलेजला दोन प्राचार्य कसे? खरा कोण, ते लेखी आणा.

मी केबिनमध्ये गेले. म्हटलं, सर, नवा दाखला द्या. एक म्हणाले, "देतो की. आधी रजिस्टरात लिहा, यांची सही बोगस आहे म्हणून." दुसरे म्हणाले, "मॅडम, माझंही तेच म्हणणं आहे." आयुष्यात पहिल्यांदा दोघांचं एकमत झालं, ते यावर! आणि जुनी नोंद रद्द केल्याशिवाय नवा दाखला निघत नाही, रद्द करायला कोर्टाची परवानगी हवी.

शुक्रवारी तिला आणि तिच्या वडिलांना घेऊन कोर्टात गेले. न्यायाधीश चांगले होते, अर्ज शांतपणे वाचला. म्हणाले, मुलीचं नुकसान मला दिसतंय, पण हे प्रकरण ऐकायचा अधिकार मला आहे की नाही, तेच अजून ठरलेलं नाही. मी कुठला हुकूम देऊ? पुढची तारीख सोमवारची मिळाली. मी भर कोर्टात म्हटलं, "साहेब, सोमवारी काय उपयोग?" शिपायाने मला खाली बसवलं. तिचे वडील बाहेर येऊन एवढंच म्हणाले, "मंग आता कायच इलाज न्हाय?" त्यांच्याकडे बघायची माझी हिंमत झाली नाही.

सीट गेली. पुढच्या आठवड्यात ती एकटीच ऑफिसात आली, दाखला परत करायला. छान घडी घालून आणला होता. मी बस म्हटलं, पण ती बसली नाही.

"मॅडम, एक विचारू? बाकीच्यांचे दाखले कसे चालले?"

"त्यांच्यावर एकच सही होती."

"म्हणजे माझ्यावर पण एकच असती तर?"

खोटं बोलावंसं फार वाटलं, पण तोंडातून निघेना. म्हटलं, "चाललं असतं गं."

"कुणाचीही?"

"हो. कुणाचीही."