निम्मे आधी भरा

उणकलच्या तळ्यामागच्या गल्लीत मिरची कांडपाची गिरणी कुणाची, असं विचारलं तर शेंबडं पोरही दुर्गव्वा कांबळेचं नाव सांगतं. पंधरा वर्षं बांधकामावर पाट्या वाहिलेल्या या बाईनं चाळिशीत प्रौढांच्या वर्गात अक्षरं गिरवली आणि मग गिरणी घातली. अक्षर उशिरा आलं म्हणून की काय, कुठंही अर्ज दिला की शिक्क्याची पोच घेतल्याशिवाय ती हलायची नाही.

दोन वर्षांमागं गिरणीचा मीटर जळाला; सील वितळलं, आकडे थांबले, वीज मात्र चालू राहिली. तिनं वीज कंपनीत लेखी तक्रार दिली, पोच घेतली. दुरुस्तीला कुणी फिरकलं नाही. तीन आठवड्यांनी आलं ते थेट तपासणी पथक. "मीटरचं सील तुटलंय, वीज गैरमार्गानं वापरली," म्हणत त्यांनी वीज तोडली आणि तीन लाख ऐंशी हजारांचा दंड ठोकला.

ती अपिलाला गेली, तर तिथला कारकून म्हणाला, "अक्का, निम्मे आधी भरा. त्याशिवाय अपील घेता येत नाही. कायदाच तसा आहे."

"म्हणजे मी लबाड की नाही हे ठरायच्या आधीच निम्मी लबाड?"

कारकुनाला हसू फुटलं. दुर्गव्वाचं मात्र डोकं तापलं. तशीच ती देशपांडे नगरात उत्तरा जोशी वकिलांकडं गेली आणि सगळं सांगितलं. 'निम्मी लबाड' ऐकताच उत्तरानं पेन खाली ठेवलं.

"पुन्हा म्हणा बघू ते! हेच आपण हायकोर्टाला विचारू. पण दुर्गव्वा, ही अट काही रद्द व्हायची नाही. तुमच्यापुरती सैल होते का, तेवढं बघू."

सुनावणीच्या दिवशी चिगरी नावाच्या जलद बसनं दोघी धारवाडला आणि तिथनं रिक्षानं हायकोर्टात पोचल्या. नंबर पुकारला आणि दुर्गव्वा बाकाच्या कडेला पुढं सरकली. सगळं इंग्रजीत चाललेलं. शेजारी बसलेला उत्तराचा कारकून तुकाराम कानात सांगत होता, "कंपनीचा वकील म्हणतोय, अट सोडली तर उद्या जो तो फुकटात अपील करील."

उत्तरानं पोच पुढं केली. न्यायाधीशांनी तारीख दोनदा पाहिली आणि कंपनीच्या वकिलाला विचारलं, "तपासणीआधीच ही तक्रार तुमच्याकडं आली होती?"

वकिलानं फाइल चाळली, पुन्हा चाळली. "आली होती, साहेब."

मग न्यायाधीश बराच वेळ बोलले. तुकारामही सांगायचं सोडून कान टवकारून ऐकायला लागला. दुर्गव्वाला धीर निघेना. "काय झालं रे? हरलो?"

"थांबा की, अक्का!"

बाहेर येताच उत्तरानं तिचे दोन्ही हात धरले. "अट योग्यच आहे म्हणाले. पण ज्या हुकमानं पोटाचा धंदा बंद पडला, त्याच हुकमाविरुद्ध बोलायला पैसे कुठनं आणायचे? मग अपिलाचा हक्क कागदावरच राहतो! पैशांऐवजी गिरणीच्या यंत्रांच्या हमीवर अपील ऐका, आठ आठवड्यांत निकाल द्या आणि वीज लगेच जोडा, असा हुकूम आहे."

दुर्गव्वानं तिथंच लेकीला, राणीला, फोन लावला आणि अशी ओरडली की दारावरचा पोलीस धावत आला आणि म्हणाला, "अव्वा, मेल्लगं! जरा हळू!"

"कसलं मेल्लगं? अपिलाचं दार उघडलं माझं!"

तिसऱ्या दिवशी वीज आली. कांडप धडधडलं, तिखट उडालं, अख्खी गल्ली शिंकली आणि कुणी तक्रार केली नाही. अपिलात दुर्गव्वा स्वतः कन्नडमध्ये अर्धा तास बोलली. दंड रद्द झाला. मीटर बंद असतानाच्या वापराचं अकरा हजारांचं बिल राहिलं, ते तिनं कुरकुर न करता भरलं. वापरलेल्या विजेचे पैसे द्यायला तिची कधीच ना नव्हती.

परवा केशवापूरचा एक बेकरीवाला नोटीस घेऊन आला. "अक्का, मलाही पैसे न भरता अपील मिळेल?"

"कोर्टानं अट मोडली नाही, अण्णा. माझी अडचण बघितली," दुर्गव्वा म्हणाली आणि स्टूल पुढं सरकवलं. "बस. तुझी काय आहे ते सांग."